शीला यायची आहे

पेडगावातून परदेशी गेलेलं कुणीच नव्हतं असं नाही. कुणाचा भाऊ दुबईला बांधकामावर होता, कुणाची लेक जर्मनीत नोकरीला. पण नुसतं फिरायला, तेही नवरा-बायकोनं जोडीनं आणि एका दमात चार देश, असं शिवशंकर आणि शीला यांच्याआधी कुणी गेलं नव्हतं. गावाला बोलायला चांगला विषय मिळाला. पारावर शिवशंकरला जो भेटेल तो विचारी, तिकडं खायला काय मिळतं? तोही गंभीर चेहरा करून सांगे, "बेडूक. पन शेपूवानी लागतोय म्हनं." लोक हसत आणि शीला घरातून कपाळाला हात लावी.

शीला जिल्हा परिषदेच्या शाळेत गणित शिकवून निवृत्त झाली होती. शेती मुलाच्या, भागवतच्या, हातात गेली होती, सून रोहिणी घर बघत होती, नात भक्ती अंगणवाडीत जात होती. आयुष्यभर हिशेबात राहिलेल्या बाईला एकदा मोकळं फिरून यावंसं वाटलं, एवढीच गोष्ट.

सहल नेणारा भुजंग परभणीचाच. मोठ्या कंपन्यांसारखी झुंड न्यायची नाही, डझनभर माणसं घ्यायची, सगळी आपल्याकडची, आणि रात्री कुठंतरी वरण-भात मिळेल असं बघायचं, ही त्याची पद्धत. थायलंड, लाओस, कंबोडिया, व्हिएतनाम. माणसं मोजायचीही त्याची एक रीत होती. तो स्वतः मोजत नसे. गाडी सुटायच्या आधी नुसती हाक देई, "आपापली जोडी बघा!" मग नवऱ्यानं बायकोसाठी हात वर करायचा, बायकोनं नवऱ्यासाठी. स्वतःला कुणी विसरत नसतं, असं त्याचं म्हणणं. शीलानं पहिल्याच दिवशी त्याला सुनावलं की ही मोजणी कच्ची आहे. भुजंग हसला आणि म्हणाला, "काकू, आजवर कुणी मागं राहिलं न्हाई."

थायलंड मजेत गेलं. लाओसला जायला मेकाँग नदी ओलांडायची होती. सकाळची वेळ होती आणि नदीवर धुकं असं दाटलेलं की हात लांब केला तर बोटं पुसट दिसावीत. नावा लांब आणि अरुंद होत्या. भुजंगनं बायकांना पहिल्या नावेत बसवलं, पुरुषांना मागच्या. मध्यावर गेल्यावर शीलाच्या नावेचं इंजिन बंद पडलं. नावाडी काहीतरी पुटपुटत खाली वाकला. पाणी अगदी गप्प होतं. मागून येणारी पुरुषांची नाव जवळून निघून गेल्याचा आवाज आला, दिसलं काहीच नाही. शीलानं उगाच हाक मारली, "अहो!" धुक्यानं ती हाक तिथंच ठेवून घेतली. थोड्या वेळानं इंजिन फुरफुरलं आणि नाव काठाला लागली.

काठावर सगळे होतेच. भुजंगनं हाक दिली, "आपापली जोडी बघा!" हात वर झाले. शीलाचाही झाला. शिवशंकरचा झाला नाही. तो तिच्या शेजारी उभा होता आणि नदीकडं बघत होता.

"काका, काकू आल्या ना?"

"न्हाई. तिची नाव मागं राहिली. यायची हाय ती."

सगळे हसले. सगळ्यांत जास्त शीला हसली. माणूस नदीच्या काठावरही थट्टा सोडत नाही म्हणून तिनं त्याच्या दंडाला चिमटा काढला. त्यानं दंड हळूच बाजूला घेतला.

थट्टा दुपारपर्यंत चालली, संध्याकाळपर्यंत चालली. रात्री हॉटेलात तो खोलीच्या दाराशी आपली बॅग घेऊन उभा राहिला, आत येईना. शीला म्हणाली, आता पुरे. तर तो खाली बघत म्हणाला, "बाई, तुमी आत झोपा. आमी हितं बसतो खुर्चीवर. परक्या बाईसंगं एका खोलीत बरं दिसत न्हाई." त्याच्या आवाजात थट्टेचा मागमूस नव्हता. तो ओशाळला होता. पस्तीस वर्षं संसार केलेला नवरा आपल्यासमोर ओशाळलेला बघून शीला दारापाशी आली.

"अहो, मी शीला आहे."

"नाव सारखंच हाय म्हना तुमचं," तो म्हणाला आणि हसला. पाहुण्याशी हसावं तसं.

पुढचे दोन देश तिनं कसे काढले ते तिलाच ठाऊक. देवळांच्या पायऱ्यांवर तो तिला हात देई आणि "जपून, बाई" म्हणे. जेवताना तिचं गाव विचारी. पेडगाव म्हटल्यावर त्याला फार आनंद होई. आमचंबी तेच, म्हणे, पण तुम्हाला कधी बघितलं नाही. आणि गाडी सुटायच्या वेळी भुजंगची हाक आली की तो नकाराची मान हलवे. भुजंग उरलेल्या सहलीभर शीलाच्या नजरेला नजर देत नव्हता. तो घाबरला असेल, असं तिनं धरलं.

परभणी स्टेशनावर भागवत जीप घेऊन आला होता. जानेवारीतली कडक थंडी, दोन्ही बाजूंना ज्वारी उभी. गावाच्या शिवेवर मारुतीचं देऊळ आहे, तिथं रस्त्यातच चतुराबाई उभी होती. शिवशंकरची थोरली बहीण, विधवा, गावातच राहणारी. एका हातात पाण्याचा तांब्या, दुसऱ्या हातात भाकरीचा तुकडा. काशीहून आलेलं माणूस गावाच्या रीतीनं थेट घरी जात नाही. ते मारुतीपाशी थांबतं, घरची माणसं वाजतगाजत येऊन त्याला नेतात, मग मावंदं होतं, गाव जेवतं. चतुराबाईला काशी काय नि कंबोडिया काय, लांबची वाट ती लांबची वाट.

"उतरा," ती म्हणाली. "आज हितं बसा. उंद्या आमी न्यायला येतो."

"वन्सं, आम्ही काशीला नव्हतो गेलो. फिरायला गेलो होतो," शीला म्हणाली. तिचा जीव थकला होता आणि नवरा शेजारी परक्यासारखा बसला होता. "यांना बरं नाही. आधी घरी जाऊ द्या." भागवतनं जीप पुढं काढली. चतुराबाई तुकडा हातात धरून तशीच उभी राहिली.

घरी आल्यावर शिवशंकरनं घर सगळं फिरून बघितलं आणि चांगलं आहे म्हणाला. रोहिणीला जेवणाबद्दल धन्यवाद दिले. भागवतला विचारलं, इथं बघण्यासारखं काय आहे? मग बॅग घेऊन ओसरीवर बसला. तिथंच झोपायचा, तिथंच उठायचा. पायांतले बूट काढत नसे. रोज सकाळी आंघोळ करून, केस विंचरून तयार. विचारलं तर म्हणे, "आमची बायको आली की निगायचं."

परभणीच्या डॉक्टरांनी मेंदूचे फोटो काढले. त्यात काही नव्हतं. वय झालं, विसर पडतो, ओळखीची माणसं आणि ओळखीचं घर असू द्या, हळूहळू येईल, असं ते म्हणाले. शीलाला हे पटलं. पटवून घ्यावं लागलं. ती लग्नाचा अल्बम घेऊन ओसरीवर बसे. तो एकेक फोटो मन लावून बघे आणि नवरीवर बोट ठेवून म्हणे, "ही आमची शीला." मग मान वर करून तिच्याकडं बघे आणि म्हणे, "तुमचीबी जोडी मागं राहिली का, बाई?"

ती न्हाणीघरात जाऊन रडे. नवरा मेला असता तर चार माणसांत रडता आलं असतं. तो समोर बसला होता, धडधाकट, हसतमुख, आणि रोज तिची वाट बघत होता, तिच्याच डोळ्यांदेखत.

बारीकसारीक गोष्टींकडं लक्ष द्यायला तिला सवड नव्हती. मिठाचा डबा जागेवर सापडत नसे, पण सहलीच्या दिवसांत घर सुनेच्या हातात होतं, डबे हलणारच. रोहिणी तिला चहा पाहुण्यांच्या कपात देऊ लागली, बशीसकट. भक्ती तिच्या मांडीवर येईना, पदराआडून बघे. लेकरं विसरतात. एकदा भागवत शेतातून आला आणि तिला चुलीपाशी बघून क्षणभर दारातच थांबला. मग "आई, तू हायस व्हय" म्हणाला. उन्हातून आत आलं की डोळ्यांपुढं अंधारी येते.

शेवटी चतुराबाई आली. ओसरीवर भावाजवळ बसली, त्याच्या डोक्यावरून हात फिरवला. तो म्हणाला, "नमस्कार, आजी." चतुराबाईनं पदर डोळ्याला लावला आणि शीलाकडं वळली.

"त्यो घरी आलाच न्हाई अजून. त्याला कुनी आनलंच न्हाई. गाडीत घालून आनल्यानं मानूस येतंय व्हय?"

गणिताच्या बाईंनी एरवी याला उत्तर दिलं असतं. आज शीला तिच्यासमोर खाली बसली. ती म्हणाली, "सांगा, काय करायचं?"

"मावंदं करू. समदं रीतीनं. तुमी दोघं मारुतीपाशी बसा, आमी येतो न्यायला."

"दोघं?"

"दोघं गेल्ता न्हव? गेल्याली मानसं एका जागी बसायची असत्यात. न्यायला येनारी येगळी."

इथं शीला अडली. महिनाभर ती त्याच्या शेजारीच बसली होती. विमानात, बसमध्ये, नदीच्या काठावर, ओसरीवर. शेजारी बसलेली बाई त्याला सहप्रवासी वाटत होती. ती पुन्हा शेजारी बसली तर पुन्हा तेच. तिला समोरून यायचं होतं. घरातून, हिरवं लुगडं नेसून, हातात ओवाळणीचं ताट घेऊन, बायकांच्या पुढं. त्यानं मान वर करावी आणि घरच्या माणसांत तिला बघावं. त्याच्या तोंडून एकदा "अगं" ऐकायचं होतं. बाकी तिला जगात काही नको होतं.

"मी न्यायला येणार," ती म्हणाली. "त्यांचे पाय मी धुणार."

"शीला, आसं न्हाई करीत. मंग तुला कोन आननार?"

"वन्सं, माझा नवरा आहे तो."

चतुराबाईच्या तोंडावर राग नव्हता. भीती होती, आणि ती शीलाला दिसली, पण तिनं हट्ट सोडला नाही.

मावंद्याच्या सकाळी भागवतनं वडलांना देवळात नेऊन बसवलं. इकडं पुरण शिजलं, दारात रांगोळी पडली, हलगीवाले आले. भजनी मंडळ टाळ घेऊन पुढं, मागं बायका. शीला सगळ्यांच्या पुढं. उन्हात हरभऱ्याचा आंबूस वास येत होता. चालताना बायका एकमेकींशी बोलत होत्या. तिच्याशी कुणी बोललं नाही, तिनंही कुणाकडं बघितलं नाही.

शिवशंकर मारुतीच्या पायरीवर बसला होता. बॅग मांडीवर. हलगी जवळ आली तशी त्याची मान वर झाली.

त्यानं भागवतकडं बघितलं. "भागवत," तो म्हणाला. "आरं, भागवत!"

महिनाभरात पहिल्यांदा त्यानं पोराला नावानं हाक मारली होती. भागवत त्याच्या गळ्यात पडला. शिवशंकर बॅग टाकून उभा राहिला. "आक्का!" त्यानं चतुराबाईचे पाय धरले. रोहिणीला ओळखलं, भक्तीला उचललं, हलगीवाल्याला त्याच्या बापाच्या नावावरून चिडवलं. सगळे रडत होते, हसत होते.

शीलानं तांब्या घेतला. तिनं त्याचे बूट काढले, पाय धुतले, पदरानं पुसले, भाकरीचा तुकडा ओवाळून लांब टाकला. मग मान वर केली.

तो तिच्याकडंच बघत होता. डोळे भरलेले, माया भरलेली.

"बाई," तो म्हणाला, "लय उपकार झाले तुमचे. एवढ्या लांब सोबत केलीत."

शीलानं भागवतकडं बघितलं.

भागवतही हात जोडून उभा होता. "चला, जेवून जा," तो म्हणाला. "अण्णांना नीट आनलं तुमी."

"भागवत. बाळा."

तो कसनुसा हसला आणि रोहिणीकडं वळला. रोहिणीनं मान हलवली, आपल्यालाही माहीत नाही अशी.

ती त्यांच्या मागून चालत घरी गेली. दुसरीकडं कुठं जायचं ते तिला सुचलं नाही.

अंगणात पंगत बसली. रोहिणीनं तिला प्रेमानं हाताला धरून बाहेरगावच्या बायकांच्या ओळीत बसवलं. पोळीवर जास्तीचं तूप वाढलं. "पोटभर जेवा, मावशी. लाजू नका."

शिवशंकर घरात, आपल्या जागी, आपल्या पाटावर. मजेत जेवत होता. मध्येच थांबून म्हणाला, "शीलाचं काढून ठिवा रं. तिची नाव मागं हाय."

"ठेवलंय, अण्णा," रोहिणी आतून म्हणाली.

ते ताट चतुराबाईनं उंबऱ्याजवळ ठेवलं होतं. वर दुसरं ताट पालथं झाकलेलं. शीला उठली, उंबऱ्यापाशी गेली. वाकून तिनं ताटाला हात लावला.

चतुराबाईनं तिचा हात धरला. हळूच. बराच वेळ ती शीलाच्या तोंडाकडं बघत राहिली, काही आठवतंय का म्हणून. मग तिनं ताट आपल्याकडं ओढून घेतलं.

"ते नगं, बाई," ती म्हणाली. "ते घरच्या मानसाचं हाय."

शीला आपल्या जागेवर येऊन बसली. जेवणं झाली. भागवत फाटकाशी जाऊन उभा राहिला. त्याच्या मागं रोहिणी, मग कडेवर भक्तीला घेऊन शिवशंकर. सगळे मारुतीच्या रस्त्याकडं बघू लागले. थोड्या वेळानं शीलाही उठली, त्यांच्या मागं जाऊन उभी राहिली, आणि डोळ्यांवर हात धरून ती येते का ते बघू लागली.