तीनशे बारा नावांचा नकाशा

मोजणीदाराने दुर्बिणीला डोळा लावला, तर खांबाऐवजी एक मुलगी दिसली. दगडावर फतकल मारून ती वहीत लिहीत होती.

"जरा सरकता का? सतरा नंबर मोजायचाय."

"सतरा नंबर नाही, हा रुसका ओढा," ती मान वर न करता म्हणाली. "उन्हाळ्यात बोलतच नाही."

तो हसला. तीही... पण वहीत बघून.

ती गावच्या शाळेतली बाई. जंगलातलं ते गाव दोन महिन्यांत उठणार होतं, निम्म्या घरांना कुलपं लागली होती. ओढे, कडे, पायवाटा यांची नावं तरी मागे राहावीत म्हणून ती म्हाताऱ्यांकडून ती उतरवून घेत होती.

"वहीत राहून काय होणार? नकाशावर हवीत," तो म्हणाला.

"चढवाल?"

"दाखवाल तर."

मग रोजची भटकंती सुरू झाली. तिची म्हातारी आत्या जागा दाखवत, काठी टेकत पुढे, ही दोघं रेंगाळत मागे. निसरड्या जागी तो हात द्यायचा. ती तो न धरताच उतरायची आणि सपाटीला आल्यावर मात्र हळूच धरायची.

"मोजणी कशाची चाललीये?" आत्या मागे न वळता विचारायची.

तीनशे बारा नावं भरली. पण मोजणी कचेरीतल्या साहेबांनी नकाशा परत सरकवला. "ही मनची नावं कशावरून नाहीत?"

"गावातल्या दोन म्हाताऱ्यांना वेगवेगळं बसवून विचारा," ती म्हणाली.

एका खोलीत आत्या, दुसऱ्या खोलीत गावचे म्हातारे सुतार. साहेब एकेक जागा सांगत गेले. चाळीस जागा विचारल्या, चाळीसही नावं जुळली. साहेबांनी चष्मा काढून पुसला आणि सही केली. सरकारी नकाशावर आता नंबर नव्हते, गाव होतं.

बाहेर भुरभुर पाऊस होता. व्हरांड्यात तो घुटमळला.

"पुढच्या महिन्यात दुसरं जंगल मोजायचंय. तिथेही नावं विचारणारं कुणीतरी..."

"नोकरी देताय?"

"नाही. म्हणजे..." तो कानापर्यंत लाल झाला. "लग्नाचं विचारतोय."

"हो," ती म्हणाली, इतक्या चटकन की तिची तिलाच लाज वाटली.

आतून आत्याचा खणखणीत आवाज आला. ती साहेबांना एकेक नाव नीट म्हणायला शिकवत होती, आणि साहेब मुकाट्याने म्हणत होते.