तेविसावी चौकट

पडद्यावर चौकटी तेवीस होत्या आणि बाण बावीस. भैरवीनं दोनदा मोजलं. एकेक चौकट म्हणजे डेअरीचं एकेक दूध संकलन केंद्र. तिथल्या मशीनवर दुधाचं माप, फॅट, तापमान घेतलं, की ती नोंद बाणावरून सरकत कोल्हापूरच्या ऑफिसातल्या बेरजेत येऊन पडायची. चालू चौकट हिरवी, अडलेली तांबडी. बाण नसलेली एकच होती, करड्या रंगाची: आजऱ्याकडचं बंद केंद्र. त्याचं मशीन पावसाळ्यापासून याच इमारतीच्या मागच्या खोलीत वायर गुंडाळून पडलं होतं.

तरी गेले पाच दिवस रोज संध्याकाळी त्या चौकटीतून एक नोंद बेरजेत येत होती. सभासद क्रमांक सतरा, दूध चार लिटर.

साहेबांच्या मते यात गूढ काहीच नव्हतं. "बाळासोच घुसडतोय मोबाइलवरनं. आज तुझा रिपोर्ट दे, उद्या त्याला घरी बसवतो."

बाळासो त्या केंद्राचा सचिव. केंद्र बंद झाल्यावर इथं स्टोअरला लागलेला. भैरवीलाही तोच संशय होता. पण तिनं त्याचा पासवर्ड काढून घेतला, तरी नोंद आली. ती चौकटच 'थांबवा' करून ठेवली, तरी आली. संशय गेला नाही, नुसता अवघडला.

आज तिनं त्याला समोरच बसवलं.

"मोबाइल इथं ठेवा काका. हात टेबलावर."

"ठेवतो की. बेड्या बी आणल्यासा व्हय मॅडम?"

"सभासद सतरा कोण?"

बाळासोचं हसू ओसरलं. "झुंबरबाई. एकटी बाई, एक म्हैस. केंद्र बंद झालं त्या दिशी किटली घिऊन आलती. मशीन गाडीत चढवलं हुतं. म्हटलं, आता न्हाय मोजत. तर गाडीमागं चालत सुटली."

"मग?"

"मग काय? गाडी थोडीच थांबणार हाय! आता घराला कुलूप हाय म्हणत्यात. म्हस बी दिसत न्हाय."

भैरवीनं सतराच्या नोंदी उघडल्या. आजवर ती लिटरच बघत होती. आता तापमानाचा आलेख काढला. सत्तावीस, एकोणतीस, बत्तीस, चौतीस. काल छत्तीस.

ती गंगावेशीत, कोल्हापूरच्या दूधकट्ट्याजवळ वाढलेली. म्हैस समोर पिळून दिलेल्या दुधाचा पेला हाताला कसा लागतो, हे तिला लहानपणापासून ठाऊक. म्हशीच्या अंगची ऊब साडेअडतीस. काढलेलं दूध वाटेनं निवत जातं. एम.एस्सी.ला फिजिक्स होतं, हिशेब अवघड नव्हता. पहिल्या नोंदीचं दूध दिवसभर निवलेलं. कालचं, जेमतेम वीस मिनिटांचं. म्हणजे दूध रोज आणखी जवळून येत होतं.

वीस मिनिटांत माणूस रंकाळा तलावावरून चालत इथं पोचतो.

खोटंच लिहायचं, तर कोणी इतक्या शिस्तीत कशाला लिहील? तिनं बाळासोकडं पाहिलं. त्याचे दोन्ही हात टेबलावर होते. मोबाइल बंद.

करडी चौकट हिरवी झाली.

सभासद सतरा. चार लिटर. तापमानाचा रकाना रिकामा.

"मॅडम," बाळासो हळूच म्हणाला, "वास येतुया का?"

तिला येत होता. ताज्या दुधाचा.

प्रयोगशाळेतलं थर्मामीटर घेऊन ती मागच्या खोलीकडं गेली. कुलूप जागेवर होतं. उघडलं. खिडकीतून अजून ऊन येत होतं. मशीनवर धूळ, वायरला रबर बांधलेलं. जमिनीवर कशाचा ठसा नाही.

नमुन्याची वाटी कोरडी.

बाळासो उंबऱ्याबाहेरच थांबला. "माझं काय लिवणार मॅडम?"

तिनं आधी खोलीची हवा मोजली. सत्तावीस.

मग थर्मामीटरचं टोक कोरड्या वाटीत टेकवलं आणि आकडा स्थिर होईपर्यंत थांबली.

अडतीस पूर्णांक पाच.