इनॉक पेलची हजेरी

नेड, ती यादी बाजूला ठेव आणि भट्टीजवळ सरक. उद्या रविवार. चर्चच्या दाराला तू ती ठोकणारच आहेस, मग आज कशाला छातीशी धरून बसलायस? गावचा नवा कॉन्स्टेबल झालास, बरं झालं. माझे वडीलही होते. जोनास थर्सबी. त्यांच्यावर जे गुदरलं ते ऐक. बाकीच्या पोरांनीही ऐका.

मला कवायतीचा राग नाही. चिठ्ठीत नाव निघालं की चांभार असो, सुतार असो, त्यानं बंदूक धरायची, महिनाभर डावा-उजवा करायचं आणि पुन्हा आपल्या कामाला लागायचं. ठीक आहे. पण ज्याच्याकडे पैसा तो बदली माणूस देतो, आणि ज्याच्या हातात लेखणी तो नावं ठरवतो. माझा राग लेखणीवर आहे.

सतराशे सत्तावन्न साली ही मिलिशिया, म्हणजे गावोगावच्या माणसांची फौज, नवी निघाली. त्याच्या आदल्या वर्षी पलटणीला माणसं हवी होती, तेव्हा वडिलांनी इनॉक पेलला शब्द दिला होता. इनॉक चर खणायचा. "इंग्लंडबाहेर नेणार नाहीत, कायदाच आहे तसा," असं वडील त्याला म्हणाले. नेलं. तो जहाजावर तापानं मेला आणि त्याला समुद्रात सोडून दिलं. त्याच्या बायकोकडे, तबिथाकडे, पुरायलासुद्धा काही आलं नाही.

आणि वर्षभरात वडिलांनी चर्चच्या दारावर यादी ठोकली, तर त्यात इनॉकचा मुलगा सायलस. अठरा पूर्ण लागतात. तो सतराचा होता. सगळ्या गावासमोर तबिथा दाराला पाठ लावून उभी राहिली.

"जोनास, तुझ्या शब्दावर नवरा दिला. मुलगा देणार नाही. माणसं कमी पडत असतील तर हे दार उचलून ने आणि त्याला कवायत शिकव."

लोक हसले. वडील हसले नाहीत. वय चुकलं असेल तर बाजारगावी मॅजिस्ट्रेट साहेबांपुढे दाद माग, म्हणाले. चुकून झालंच नव्हतं ते. यादीत एक नाव वगळलं होतं, आणि आकडा भरायला सायलसला घेतलं होतं. वगळलेलं नाव माझं होतं, गायल्स थर्सबी. मी वीस वर्षांचा होतो, आणि मला ते माहीत होतं. मी गप्प बसलो. त्याची लाज मला अजून वाटते.

सप्टेंबरची पाच तारीख, सोमवार. सकाळी साहेबांपुढे यादी द्यायची, म्हणून वडील रात्री नऊला निघाले. कागद मेणकापडात, मेणकापड कोटाच्या आतल्या खिशात. तीन आठवडे पाऊस नव्हता. रस्त्यावर घोटाभर धूळ.

पाणथळीचा पूल ओलांडला आणि मागे पावलं वाजू लागली. कोणी सोबतीला आलं असेल, असं त्यांना वाटलं. पण ती पावलं त्यांच्या पावलांबरोबरच पडत होती. डावा, उजवा. कवायतीसारखी.

आणि ओली. कोरड्या धुळीत... चपक, चपक.

वडील थांबले. मागचं पाऊल एक जास्त पडलं, मग थांबलं.

"कोण?"

"वाच."

आवाज त्यांनी ओळखला. कंदील वर करायची हिंमत झाली नाही.

"कायदा आहे, इनॉक."

"मलाही कायदाच सांगितला होतास. वाच."

वडिलांनी कागद काढला. एकेक नाव वाचलं. प्रत्येक नावाला मागून नुसतं "हं". मग सायलस आला.

"वय?"

"अठरा."

...

"वय, जोनास?"

"सतरा."

"आणि गायल्स?"

वडील कागदाची घडी घालू लागले.

"गायल्स?"

...

कंदील विझला.

पहाटे ते घरी आले. अंगावरचा कोट कोरडा, मेणकापड कोरडं. आतला कागद मात्र चिंब. सगळी नावं धुऊन गेलेली, एक सोडून. गायल्स थर्सबी. अक्षर वडिलांचंच. ते त्यांनी लिहिलंच नव्हतं.

मी म्हणालो, द्या हीच यादी, मी जातो. वडील म्हणाले, "तू नाही, सायलस नाही, कुणीच नाही. मी एकदा शब्द देऊन बसलोय." ते रिकाम्या हातानं साहेबांपुढे गेले. यादी कुठाय विचारलं, तर म्हणाले, नाही. लिहून दे म्हणाले, तर लिहिणार नाही. नऊ दिवस कोठडीत घातलं, दहाव्या दिवशीही उत्तर तेच. त्या वर्षी आमच्या गावाची यादी गेलीच नाही. सायलस पेल तिथे, समोरच्या वळणावर, नातवंडं खेळवत म्हातारा झाला.

आता तुझी यादी, नेड. मघाशी मी ती वाचली. तुझा भाऊ ल्यूक त्यात नाही. आणि सायलसचा नातू आहे, ज्याला अजून मिसरूड फुटलेलं नाही. माझ्याकडे बघ, जमिनीकडे नको.

हा घे तो कागद. एकोणचाळीस वर्षं या भट्टीवर टांगलेला होता, आणि समुद्र इथून चाळीस मैल. धर ना.

हात का मागे घेतलास?

हो, ओला आहे. बोट चाटून बघ.