सत्तावन्न किलो धूर

एक एप्रिलला सर्जेराव झांबऱ्यांची धूरपट्टी आली, आणि ती नेमकी निम्मी आली. दुसरा कुणी असता तर देवाला नारळ फोडून मोकळा झाला असता. शेजारच्या पोतदारांनी तर तसं तोंडावर बोलूनही दाखवलं. त्यांची गाडी विजेची, तरी तिच्या चार्जिंगमागच्या धुराचे पैसे त्यांना भरावे लागत. आणि या म्हाताऱ्याच्या अठरा वर्षं जुन्या पेट्रोल गाडीला म्हणे निम्मा कर! सर्जेरावांना मात्र चहा गोड लागेना. चौतीस वर्षं त्यांनी साखर कारखान्याच्या वजनकाट्यावर काढली होती. आकडा जास्त आला तर लोक येऊन भांडतात आणि चूक सापडते. कमी आला की कुणीच भांडायला येत नाही, आणि चूक तशीच राहते.

घरपट्टी, पाणीपट्टी, तशी ही धूरपट्टी. सरकारी कागदावर तिचं नाव भलतंच लांबलचक आहे, पण तासगावात ते पुरतं उच्चारायला सवड कुणाला आहे? सहा वर्षांपूर्वी प्रत्येक पेट्रोल गाडीच्या सायलेन्सरला अंगठ्याएवढी एक डबी बसवली गेली. लोक तिला धूरकाटा म्हणतात. नळीतून किती कार्बन बाहेर पडला, कुठल्या रस्त्याला पडला, हे ती डबी तोलते आणि सांगलीच्या धूरकर कार्यालयाला कळवते. पूर्वी कंपनीनं छापलेल्या आकड्यावर कर बसायचा, आता खऱ्या धुरावर बसतो. इथवर ठीक आहे हो. घोडं अडतं ते पुढं. कर वर्षाच्या सुरुवातीलाच भरायचा, म्हणजे अजून न सोडलेल्या धुराचा भरायचा. त्यासाठी तिथली संगणकप्रणाली तुमच्या गाडीचं आजवरचं वागणं बघते, तसंच वागलेल्या हजारो गाड्यांचं पुढं काय झालं ते बघते, आणि येत्या बारा महिन्यांचा अंदाज छापून घरी पाठवते.

सर्जेराव आपला अंदाज दरवर्षी आपणच कॅलेंडरच्या पाठीवर आधी मांडून ठेवत. त्यांच्या पत्नीला, शालनताईंना, दर मंगळवारी आणि शुक्रवारी डायलिसिससाठी मिरजेला न्यावं लागे. जाऊन-येऊन साठ किलोमीटर, वर्षाच्या एकशे चार फेऱ्या, झाले सहा हजार दोनशे चाळीस. बाजार आणि विट्याला बहिणीकडं जाणं धरून आणखी सातशे साठ. एकूण सात हजार. गाडी किलोमीटरला दीडशे ग्रॅम सोडते, म्हणजे वर्षाला एक हजार पन्नास किलो. काट्यावरच्या माणसाच्या भाषेत साडेदहा क्विंटल धूर. आणि कागद म्हणत होता, सव्वापाच.

कागदाच्या डोक्यावर हिरव्या अक्षरांत ‘अभिनंदन’ असं छापलं होतं. खाली महिन्यांचा तक्ता होता. सर्जेरावांनी त्यातली मिरजेची ओळ काढली. एप्रिल ते सप्टेंबर आकडे जागच्या जागी होते. ऑक्टोबरला शून्य. नोव्हेंबरला शून्य. मार्चपर्यंत शून्यच शून्य. त्यांनी चष्मा पुसून पुन्हा बघितलं. मंगळवार गेले होते, शुक्रवार गेले होते. हे यंत्र ‘अभिनंदन’ म्हणून काय सांगतंय ते त्यांना कळलं, आणि अशा रागानं कळलं की कागद चुलीत घालावा असं वाटलं. घरात चूल नव्हती म्हणून तो शर्टाच्या खिशात गेला. शालनताईंना त्यांनी सांगितलं, पट्टी नेहमीसारखीच आलीय.

तिसऱ्या दिवशी ते सांगलीला गेले. धूरकर कार्यालयात माणसाआधी यंत्राशी बोलावं लागतं. यंत्रानं हरकतीचं कारण विचारलं आणि तीन पर्याय दिले: आकारणी जास्त आहे, गाडी विकली आहे, गाडी मोडीत काढली आहे. आकारणी कमी आहे, असा पर्यायच नव्हता. सर्जेरावांनी चारदा प्रयत्न केला. पाचव्यांदा ‘जास्त’वर बोट ठेवलं तर यंत्र म्हणालं, आपली आकारणी मागील वर्षापेक्षा कमी आहे, अर्ज फेटाळला. शिपायाला विचारलं, तो म्हणाला, आजोबा, कमी आलीय तर गप भरून टाका की. जेवणाची सुट्टी झाली, सुट्टी संपली, पुन्हा नंबर लागला. सरकारी काम आणि सहा महिने थांब, असं उगाच म्हणत नाहीत. इथं तर सहा महिनेच हातात होते.

शेवटी ज्यांच्या टेबलाशी ते पोचले त्या अर्शिया शिकलगार नावाच्या तिशीतल्या अधिकारी होत्या. दिवसभर लोकांच्या शिव्या खाऊन थकलेल्या, पण माणूस म्हणून चांगल्या. आपला कर वाढवून द्या म्हणणारा माणूस त्यांनी नोकरीत पहिल्यांदाच बघितला. त्यांनी समजावलं की अंदाज कमी निघाला तरी बिघडत नाही, जास्त फिरलात तर मार्चअखेर फरक भरा, संपलं. सर्जेराव म्हणाले, फरकाचा प्रश्नच नाही. मग त्यांनी मिरजेच्या ओळीवर बोट ठेवलं आणि त्या फेऱ्या कशासाठी असतात ते सांगितलं. बाईंनी स्क्रीन सर्जेरावांकडं वळवला.

प्रणालीला माणसं माहीत नसतात, त्या म्हणाल्या. गाडीत कोण बसतं, कोण चालवतं, कुणाला काय आजार आहे, यातलं तिला काही कळत नाही. दवाखान्याचे कागद बघायला तर कायद्यानंच बंदी आहे. तिला फक्त गाडी कळते. आणि या गाडीचं काय कळलं होतं? दोन वर्षांपूर्वी ती इंजिन चालू झाल्यावर दोन मिनिटांत निघायची, आता अकरा मिनिटं नुसती जागेवर उभी असते. स्पीडब्रेकरवरून ती अगदी चालत्या माणसाच्या वेगानं जाते. ब्रेक लांबूनच लागतो. तासाला अठ्ठेचाळीसचा सरासरी वेग छत्तीसवर आलाय.

“अशा वागणाऱ्या गाड्या साधारण सहा महिन्यांत बंद होतात,” त्या म्हणाल्या.

“बंद होतात म्हणजे?”

“काका, गाडी घराबाहेर निघत नाही, एवढंच तिला कळतं. का निघत नाही, हे तिला विचारता येत नाही.”

सर्जेरावांचा उतरलेला चेहरा बघून त्यांनी धीर द्यायला म्हणून आणखी एक गोष्ट सांगितली. ती सांगितली नसती तर बरं झालं असतं. दर महिन्याच्या एक तारखेला अंदाज नव्यानं निघतो. गाडीचं वागणं बदललं तर अंदाजही बदलतो.

झालं. बुडत्याला काडीचा आधार. ज्या माणसानं आयुष्यभर काट्यावर कुणाला एक किलो इकडचा तिकडं करू दिला नाही, त्यानं आता धूरकाट्यावर काटामारी सुरू केली. शालनताई बसल्या रे बसल्या की गाडी दाराबाहेर. एक मिनिट थांबणं नाही. स्पीडब्रेकर तिसऱ्या गिअरवर, खड्डे आले तसे, ब्रेक अगदी शेवटच्या क्षणाला. पहिल्या आठवड्यात शालनताई काही बोलल्या नाहीत. दुसऱ्या आठवड्यात त्यांनी दारावरची मूठ धरायला सुरुवात केली. तिसऱ्या आठवड्यात परत येताना कवलापूरच्या पुढं गाडी थांबवून त्यांना उलटी झाली. डायलिसिस झालेलं माणूस आधीच पिळून निघालेलं असतं, त्यात हे. सर्जेरावांनी त्यांची पाठ चोळली, पाणी दिलं, आणि पुढच्या स्पीडब्रेकरवर पुन्हा दात-ओठ खाऊन तिसराच गिअर ठेवला. घरी आल्यावर पायरीवर बसून त्यांना स्वतःलाच बराच वेळ श्वास सावरावा लागला. ऊन तरी काय कमी होतं का, असं त्यांनी मनाशी म्हटलं.

एक मेला नवा अंदाज आला. पावणेनऊ क्विंटल! मिरजेची ओळ जानेवारीपर्यंत भरली होती. सर्जेराव तडक बाजारात गेले आणि अर्धा किलो जिलबी घेऊन आले. शालनताई स्वयंपाकघरात दुधीच्या फोडी पाण्यात टाकत होत्या. त्यांना प्रत्येक भाजी दोनदा उकळून, पाणी फेकून खावी लागे. जिलबी तर लांबच राहिली.

“कशाची जिलबी ही?” त्यांनी विचारलं.

सर्जेरावांना खोटं बोलता येत नसे, एक महिनाभर जमलं तेच पुष्कळ. सगळं बाहेर पडलं. निम्मी पट्टी, शून्यं, शिकलगार बाई, अकरा मिनिटं, तिसरा गिअर. बोलता बोलता त्यांचा आवाज चढला. कार्यालयाला शिव्या दिल्या, यंत्राला दिल्या, रस्ता करणाऱ्या ठेकेदाराच्या सात पिढ्या काढल्या.

“म्हणजे मी कागदावर जानेवारीपर्यंत जगावं म्हणून तुम्ही महिनाभर माझी हाडं खिळखिळी केली,” त्या म्हणाल्या. “मला विचारायचं तरी होतं. मी सांगितलं असतं की, मला हळू जाणारी गाडी पाहिजे.”

सर्जेरावांनी मान खाली घातली. इतकी लाज त्यांना कधी वाटली नव्हती.

“आणा तो पहिला कागद.”

शालनताई एकतीस वर्षं अंगणवाडी सेविका होत्या. पोरांच्या वजनांचे तक्ते भरण्यात त्यांचा जन्म गेला होता. एखाद्या पोराचं वजन घटलं की आधी त्याची आडवी ओळ बघायची, मग उभी ओळ घेऊन बाकीच्या पोरांचंही घटलंय का ते बघायचं. सगळ्यांचं घटलं असेल तर पोरात खोट नाही, काट्यात आहे. सर्जेरावांचं तसं नव्हतं. काट्यावरचा माणूस समोरचा एक आकडा बघतो आणि पावती फाडतो. शालनताईंनी हात पुसले, कागद ओट्यावर पसरला आणि ऑक्टोबरच्या रकान्यातून बोट वरून खाली नेलं.

“विट्याची ओळ बघितली होती का तुम्ही?”

नव्हती बघितली.

“बाजाराची?”

तीही नव्हती.

“दोन्हीकडं शून्य आहे. नुसत्या माझ्या फेऱ्या गेल्या असत्या तर पुढच्या सहा महिन्यांत तुमच्या बाजाराचे आणि विट्याचे सत्तावन्न किलो राहायला पाहिजे होते. ते कुठं गेले?”

सर्जेरावांनी मनात हिशेब केला. तीनशे ऐंशी किलोमीटर, दीडशे ग्रॅमनं, सत्तावन्न किलो. बरोबर होतं. एवढं वजन काट्यावरून नाहीसं झालं आणि त्यांना दिसलं नाही. तरी ते म्हणाले की तू नसल्यावर मी कुठं जाणार आहे, बाजारात तरी कशाला जाईन. हे ते मनापासून म्हणाले.

“बहिणीकडं जाल की, जेवायला तरी,” त्या म्हणाल्या. मग त्यांचा आवाज खाली आला. “ती अकरा मिनिटं म्हणता ना, तेव्हा मी केव्हाच गाडीत बसलेली असते. एसी लावून तुम्ही स्टिअरिंगवर डोकं टेकता आणि दम खाता. मला वाटायचं, विचारलं की चिडाल. म्हणून गप बसायचे.”

संक्रांतीपासून सर्जेरावांचा डावा खांदा भरून येत होता. गॅस असेल म्हणून ते ओवा खात होते. गाडी हळू जायची ती बायकोला धक्के बसू नयेत म्हणून, असं ते स्वतःलाही सांगत आले होते, आणि ते अगदीच खोटं नव्हतं. पण लांबून लागणारा ब्रेक, रेंगाळणारी गाडी, हे सगळं चालवणाऱ्याचं होतं. यंत्रानं बसणाऱ्या माणसाचा अंदाज केलाच नव्हता. त्यांना भीती वाटली, आणि ती स्वतःसाठी नव्हती. मिरजेच्या ओळीतली शून्यं आता त्यांना वेगळी दिसायला लागली. शालन गेली म्हणून ती शून्यं नव्हती. तिला नेणारं कुणी उरलं नाही म्हणून होती. मुलगी हुबळीला, तिची दोन पोरं लहान. पुण्यात त्या बिनचालकी गाड्या फिरतात म्हणे, पण तासगावचे खड्डे बघून कंपनीनं इकडं यायला साफ नकार दिला होता. दोन डायलिसिस चुकले की काय होतं, हे दोघांनाही माहीत होतं.

“मी नसलो तर तू...” एवढं बोलून ते थांबले.

“ते मला कळलं,” शालनताई म्हणाल्या.

त्यांनी जिलबीचा पुडा उचलून पोतदारांच्या घरी देऊन यायला सांगितलं. मग म्हणाल्या, माझं मशीन चालू असतं ते चार तास तुम्ही दवाखान्याच्या बाकावर पेपर वाचता. या शुक्रवारी पेपर वाचायचा नाही, खालच्या मजल्यावर जाऊन ईसीजी काढून घ्यायचा आणि डॉक्टर सांगतील ते ऐकायचं. जाताना गाडी हळू न्यायची, आणि दारात पंधरा मिनिटं थांबावंसं वाटलं तर पंधरा थांबायचं. कागदावर काय यायचं ते येऊ दे. सर्जेरावांनी सगळ्याला हो म्हटलं. हे सगळं जमलं तरी सप्टेंबरनंतरचं काय, हे मात्र सर्जेरावांनी विचारलं नाही, आणि शालनताईंनीही सांगितलं नाही.

“चावी द्या,” त्या म्हणाल्या.

सर्जेराव पुडा तिथंच ठेवून त्यांच्यामागं अंगणात आले. शालनताई रोजच्या बाजूला गेल्या नाहीत. त्यांनी उजवीकडचं दार उघडलं, पदर खोचला आणि स्टिअरिंगसमोर बसल्या. सीट पार मागं होती, त्यांचे पाय पुढं पोचेनात. सर्जेरावांनी वाकून सीट पुढं सरकवली. डाव्या हाताला डायलिसिसच्या सुया टोचतात, त्यावर जोर पडता कामा नये, आणि गिअर तर डाव्याच हातानं टाकावा लागतो, हे त्यांनी सांगून पाहिलं. ताईंनी तो हात गिअरवर ठेवून बघितला आणि बोलल्या, जात्यापेक्षा हलका आहे.

मग त्या खाली वाकून आपल्या पायांकडं बघत राहिल्या. आयुष्याची सदुसष्ट वर्षं दुसऱ्याच्या शेजारी बसून गेली होती.

“यातला क्लच कुठला?” त्यांनी विचारलं.