परत येणारे पत्ते

"चोरी झालीय, पण चोरीला काहीच गेलेलं नाही," असं म्हणत खेळवाली खुर्चीत बसली.

असं काही ऐकलं की तपासनिसांना बरं वाटायचं. त्यांचा मेहुणा मात्र गोंधळला, आणि गोंधळला की तो बिस्किटांचा डबा जवळ ओढायचा. बायकोचा धाकटा भाऊ म्हणून तपासनिसांनी त्याला कचेरीत ठेवून घेतलं होतं. कामाचा म्हणून नव्हे, हे दोघांनाही ठाऊक होतं.

खेळवालीचं पटावरच्या खेळांचं दुकान होतं. त्यातही ती जास्त ठेवायची मोहिमेचे खेळ. त्यात सगळे खेळाडू एका बाजूला असतात, लढायचं खेळाशीच, आणि एकच गोष्ट कितीतरी रविवार पुढे पुढे जात राहते. खोकी महाग असतात. म्हणून ओळखीच्या गिऱ्हाइकांना ती एक रविवार खोकं तसंच खेळून बघायला द्यायची. आवडलं तर घ्या, नाही तर परत आणा.

तिचं सगळ्यात जुनं गिऱ्हाईक म्हणजे चार मित्रांचं टोळकं. बेकरीवाला, मोटार शिकवणारी मास्तरीण, शिंपीकाका आणि चष्मेवाली. चौघांचीही मिळकत बेताची, त्यामुळे न बघता खेळ घेणं परवडायचं नाही. या वेळी त्यांनी बुडत्या जहाजाचा खेळ नेला, मग खाणीतल्या सुटकेचा, मग जंगलातल्या वणव्याचा. तिन्ही वेळा मांडायला बसले आणि पहिल्या प्रकरणाचा पत्त्यांचा गठ्ठा गायब. तो नसला की मोहीम सुरूच होत नाही. खोकं परत. आणि दुसऱ्या दिवशी तोच गठ्ठा दुकानाच्या दाराखालून आत सरकवलेला.

"खोकं देताना तुम्ही मोजून देता?" तपासनिसांनी विचारलं.

"समोर बसवून मोजते. जहाजाचं बेकरीवाल्यानं नेलं, खाणीचं मास्तरणीनं, वणव्याचं शिंपीकाकांनी. चौथं, डोंगरमोहिमेचं, चष्मेवालीनं नेलं, तेवढं धड परत आलं. ते त्यांना महाग पडलं. पाच जणांचा खेळ आहे, आम्ही चारच, उगीच कशाला, म्हणाले."

"बाकीचे तिन्ही चौघांचे?"

"हो. स्वस्तात तसेच मिळतात."

तिनं पर्समधून एक कापड काढलं. गठ्ठे अशाच कापडात गुंडाळून आले होते. हातरुमालाहून लहान, मऊ, कडा नागमोडी कापलेल्या. मेहुण्यानं ते उजेडात धरलं आणि त्याचा चेहरा खुलला. नागमोडी कात्री कुणाकडे असते हे त्याला ठाऊक होतं.

खेळवालीचा जीव खरा वेगळ्याच गोष्टीत अडकला होता. ते चौघं आता एकमेकांकडे संशयानं बघायला लागले होते. या रविवारी काही ठरलं नाही तर पुन्हा बसायचं नाही, असं मास्तरीण दुकानात बोलून गेली होती. नवं खोकं देण्याची हिंमत खेळवालीलाही उरली नव्हती.

"माझं दुकान चालेल हो," ती म्हणाली. "पण त्यांचा रविवार मोडला तर मला फार वाईट वाटेल. दुकान उघडलं तेव्हा पहिलं खोकं त्यांनीच घेतलं होतं."

बेकरीवाला भट्टीसमोर पाव काढत होता. खेळ त्याच्याच माळ्यावरच्या खोलीत चालायचा. मांडामांड कशी होते ते त्यानं सांगितलं: शिंपीकाका नियम मोठ्यानं वाचतात, आणि वाचताना एक शब्द गाळत नाहीत. मास्तरीण पट लावते, चष्मेवाली पत्ते आणि बारीक सोंगट्या वेगळ्या करते, आणि तो स्वतः खाली चहा टाकायला जातो.

"पूर्वी पाच होतो आम्ही," तो सहज बोलून गेला. मग ते सांगावंच लागलं. पाचवा होता बँकेतला कॅशियर. माणूस हुशार, पण हुकूम सोडायची सवय. तू इकडे जा, तू हा पत्ता टाक. गेल्या वर्षी शेवटच्या डावाला त्याच्या हातातल्या पत्त्यावर स्पष्ट लिहिलं होतं की धरणाचं दार उघडू नका. त्यानं उघडलं आणि वर्षभराची मोहीम बुडाली. पत्ता वाचूनही मुद्दाम स्वतःचंच खरं केलंस, असं चष्मेवाली सगळ्यांदेखत म्हणाली. तो उठून गेला. त्याचं नाव पुन्हा या टेबलावर काढायचं नाही, हेही तिनंच ठरवलं.

"त्याला दिसलं नसेल," तपासनीस म्हणाले.

"त्याला? रस्त्यापलीकडच्या पाट्या वाचून दाखवायचा तो."

त्यानंतर कुणीही त्याला भेटलेलं नव्हतं. मास्तरणीनं गाडी शिकवता शिकवता तेच सांगितलं. शिकाऊ बाईंनी मध्येच गाडी बंद पाडल्यामुळे मेहुण्याचं कपाळ पुढच्या सीटवर आपटलं. शिंपीकाकांकडे त्यानं त्याचा वचपा काढला. नागमोडी कात्री आहे का, असं त्यानं दरडावून विचारलं. काकांनी शांतपणे ती काढून दिली आणि त्याच्या सदऱ्याची उसवलेली बाहीही टाचून दिली. त्यामुळे पुढे दरडावणं त्याला जमेना.

चष्मेवाली एका फ्रेमचा बारीक स्क्रू बसवत होती. पत्त्यांबद्दल तिला काही ठाऊक नव्हतं. कॅशियरचं नाव निघालं तेव्हा तिनं मान वर केली नाही.

"वर्ष झालं. कुणाचीच भेट नाही."

"बरंच झालं म्हणा," मेहुणा म्हणाला. "मुद्दाम डाव बुडवणारा माणूस."

"मुद्दाम नाही." तिचा हात थांबला. "त्याला ते अक्षर दिसलंच नव्हतं."

तपासनिसांनी फक्त आभार मानले. बाहेर पडल्यावर मेहुण्यानं आपलं मत दिलं. "दाजी, शिंपीच. आणि चष्मेवाली तर सुटलीच, तिनं नेलेलं खोकं एकटंच धड आलं."

"मेहुणेबुवा, तुम्ही अगदी बरोबर ठिकाणी बोट ठेवलंत," तपासनीस म्हणाले, "आणि उलट्या बाजूनं."

रविवारी दुपारी माळ्यावरच्या खोलीत सगळे जमले. टेबल रिकामं होतं. एरवी तिथं बोलण्यात बोलणं अडकायचं, आज चमच्यांचाही आवाज जास्त वाटत होता. खेळवाली कोपऱ्यात अवघडून बसली होती.

"ज्यानं गठ्ठे घेतले त्याला गठ्ठे नको होते," तपासनिसांनी सुरुवात केली. "तसं असतं तर परत दिले नसते. बाईंचं नुकसानही नको होतं, म्हणून पत्ते नीट गुंडाळून पाठवले. मग हवं काय होतं? तो खेळ तुम्ही घेऊ नये, एवढंच. तीन खेळ अडवले, चौथा अडवला नाही. जहाज, खाण, वणवा हे तिन्ही चौघांचे. डोंगर पाचांचा. म्हणजे तुमच्यापैकी कुणाला तरी पाचवी खुर्ची हवी होती."

बेकरीवाल्यानं नकळत भिंतीकडे बघितलं. तिथं एक खुर्ची उलटी करून ठेवलेली होती.

"आता, कोण? खोकी वेगवेगळ्या माणसांनी आणली आणि बाईंनी मोजून दिली. तेव्हा एकच माणूस असेल तर गठ्ठा वाटेत नाही, इथंच निघाला. काकांचे हात नियमांच्या पुस्तकात, मास्तरणीचे पटावर, आणि बेकरीवाले खाली चहापाशी. पत्ते हाताळत होतं एकच माणूस. कापडाला नागमोडी कड होती म्हणून आमच्या मेहुण्यांनी काकांवर संशय घेतला. पण ते कापड शिवणाचं नाही. चष्म्याच्या प्रत्येक डबीत काच पुसायला तेच घालून देतात."

चष्मेवाली खाली बघत होती.

"तरी मी गप्प बसलो असतो. पण तुम्ही म्हणालात, त्याला अक्षर दिसलंच नव्हतं. दिसलं नसेल, असं नाही म्हणालात. इथं सगळ्यांना वाटतं की त्याची नजर उत्तम आहे, कारण लांबचं तो धडाधड वाचतो. जवळचं दिसत नाही हे कुणाला कळेल? ज्यानं त्याला तपासलं त्यालाच."

"गेल्या महिन्यात आला होता," ती म्हणाली. "दुकान रिकामं होईपर्यंत समोरच्या फुटपाथवर उभा होता. खुर्चीत बसवलं. जवळच्या तक्त्यातलं मोठं अक्षरसुद्धा त्याला वाचता येईना. मी दिवसभर लोकांचे डोळे तपासते, आणि इतकी वर्षं तो माझ्यासमोर पत्ते हात लांब करून धरत होता. आणि मी त्याला सगळ्यांदेखत मुद्दाम केलंस म्हटलं."

"मग सांगायचं होतंस ना," बेकरीवाला म्हणाला.

"नाव काढायचं नाही हे मीच ठरवलं होतं. कोणत्या तोंडानं सांगू? रविवारी काय करतोस, असं मी त्याला विचारलं. म्हणाला, जुना खेळ मांडतो आणि पाचही सोंगट्या एकटाच चालवतो." तिनं त्या उलट्या खुर्चीकडे बघितलं. "चौघांची मोहीम एकदा सुरू झाली की पुढचं वर्षभर पाचव्याला जागा नाही. मला फक्त वेळ हवा होता, बोलायचं धाडस होईपर्यंत. काका, तुमच्यावर आळ आला. मला माफ करा."

शिंपीकाकांनी तो विषय हातानंच झटकला. मग खेळवालीकडे वळून त्यांनी विचारलं, डोंगराचा खेळ अजून दुकानात आहे का. पाच वाटे केले तर तो काही तितका महाग पडणार नाही. खेळवालीनं मान डोलावली.

"तो परत हुकूम सोडणार," मास्तरीण म्हणाली.

"सोडू दे," बेकरीवाला म्हणाला. "आपण ऐकायचं नाही."

मास्तरणीनं तोवर त्याला आणायला गाडीची किल्ली उचलली होती. चष्मेवाली तिच्यामागून जायला निघाली, जिन्यात थांबली, आणि परत येऊन बसली. तिचा चहा गार झाला.

कॅशियर आला तो दारातच उभा राहिला. नाकावर नवा चष्मा होता आणि तो सारखा त्याला हात लावत होता. चष्मेवाली उठली.

"चूक माझी होती," ती म्हणाली. "तुझी नव्हती."

त्यानं त्या रिकाम्या टेबलाकडे बघितलं.

"मला वाटलं होतं, एव्हाना तुम्ही चौघांचा खेळ घेतला असेल."

"घेत होतो की, तीनदा," मास्तरीण म्हणाली. "ही घेऊच देईना."