चौथं दार

दारांच्या कड्या नीट बसल्यात का, एवढंच बघायला ताई नाट्यगृहात निघाली होती. टळटळीत दुपार. फाटकावर नव्या नाटकाचं पोस्टर लागलं होतं आणि ते वाचून तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. लेखन दिग्दर्शकाचं, दिग्दर्शन दिग्दर्शकाचं, आणि नेपथ्यही म्हणे दिग्दर्शकाचं! डोळे फोडून आराखडे काढले हिने, भिंतींचा रंग चारदा खरवडला हिने. अख्खी हयात या कामात गेली, तीन वेळा तीन दिग्दर्शकांनी असंच तिचं नाव खाल्लं, आणि तिन्ही वेळा ही गप्प बसली. या वेळी नाही, असं ठरवूनच ती आत शिरली.

आत गार काळोख होता. रंगमंचावर एकच दिवा जळत होता आणि त्याच्या उजेडात तिचा दिवाणखाना उभा होता. ताईने आराखड्यात तीनच दारं काढली होती. मागच्या भिंतीत चौथं होतं.

तिने विंगेत ठोकाठोक करत बसलेल्या सुतार मिस्त्रीला विचारलं. तो बिचारा म्हणाला, सकाळी आलो तेव्हा होतंच, मला वाटलं तुम्हीच बसवून घेतलंत. दाराची चौकट हात लागून लागून झिजलेली होती. फटीतून बंद खोलीचा कुबट वास येत होता. ताई मागे जाऊन बघून आली. मागून दार नव्हतंच. ताणलेलं कापड, लाकडी पट्ट्या, आणि हातभर अंतरावर नाट्यगृहाची विटांची भिंत.

तिचा एक शिरस्ता होता. नेपथ्य उभं राहिलं की प्रत्येक दारातून आधी ती जायची, मगच नट. काळोखात कुणाचा पाय अडकायला नको. आपल्या तीन दारांतून ती गेली. चौथ्याला तिने हातही लावला नाही.

तेवढ्यात दिग्दर्शक आला. पोस्टरचं विचारलं तर हसला. कल्पना सगळी माझीच होती, तुम्ही फक्त ठोकून घेतलंत, असं तोंड वर करून म्हणाला. ताईच्या अंगाचा नुसता तिळपापड झाला.

"मग हे दारही तुमचंच?"

त्याने दाराकडे पाहिलं. त्याला ते आवडलं असावं. "माझंच. का?"

त्यातून अजून कुणी गेलेलं नाही, मागे भिंत आहे, असं तिने बजावलं. मिस्त्रीनेही हात आडवा धरला. पण माझ्या दारातून जायला मला तुमची परवानगी कशाला, म्हणत गडी आत गेला. दार मागे आपसूक लागलं.

मग पावलं ऐकू आली. लाकडी जिना चढावा तशी. नेपथ्यात जिना नव्हता.

"ताई... इथे दिवा नाही का..."

कडी आतून हलायला लागली.

"ताई... उघडा..."

तिने कडीवर हात ठेवला. भीती वाटत होतीच, पण इतक्या वर्षांचा संताप त्याहून मोठा होता.

"नेपथ्य कुणाचं?"

"तुमचं... सगळं तुमचंच... आधी उघडा हो..."

तिने दार ओढलं. समोर कोरं कापड. कुठे फाटलेलं नाही, उसवलेलं नाही. मिस्त्री धावत मागे गेला, तिथेही कुणी नव्हतं.

"तुमचं... तुमचंच..."

आवाज आता वरून येत होता, छताच्याही वरून. ताई मान वर करून ऐकत राहिली. म्हणणारा तो एकटा नव्हता; त्याच्यासोबत आणखी तीन आवाज होते.