एक्केचाळीस नंबरचा बॉयलर

होल्मगेटच्या रेल्वे कारखान्यात बॉयलर विभागात ज्याने वीस वर्षं काढली, त्याला ऐकू येईनासं होतं, यात गावात कुणाला नवल वाटत नसे. जेबेझ एन्टविसलचे कान तर अठरा वर्षांपूर्वीच गेले होते. घरी त्याची बायको हॅना समोर उभी राहून तोंड मोठं करून बोले आणि तो ओठ वाचून उत्तर देई. शेजारणी म्हणत, हॅनाला नवऱ्याशी भांडायचं असलं की आधी दिवा लावावा लागतो.

कान गेले तरी कंपनीने त्याला बॉयलर तपासनीस केलं, ते त्याच्या बोटांमुळे. बॉयलरचे पत्रे एकमेकांना बांधून ठेवायला आत शेकडो सळया असतात. सळईच्या टोकावर हातोडीने ठोका द्यायचा आणि दुसऱ्या हाताची बोटं पत्र्यावर टेकवायची. सळई धड असेल तर पत्रा स्वच्छ थरथरतो, तुटली असेल तर बद्द. ऐकू येणारे तपासनीस कधीमधी फसत. जेबेझ एकदाही फसला नव्हता.

१९२२चा डिसेंबर होता. साठ वर्षांपूर्वी एका गळक्या शेडमध्ये दोन इंजिनांवर सुरू झालेली ही कंपनी नव्या वर्षी एका बड्या कंपनीच्या पोटात जाणार होती. जानेवारीत नवे साहेब पाहणीला येणार होते आणि कारखाना चालू ठेवायचा की कुलूप ठोकायचं ते ठरवणार होते. बाराशे माणसांच्या चुली त्यावर होत्या. तोवर एक्केचाळीस नंबरचं इंजिन दुरुस्त होऊन गाडी ओढताना दिसायला हवं होतं.

त्याचा बॉयलर नळ्या काढून, रिकामा करून विभागाच्या मधोमध ठेवला होता. एका मंगळवारी सकाळी दहाच्या सुमाराला जेबेझने तपासणी सुरू केली. पहिली रांग ठीक. दुसरी ठीक. तिसऱ्या रांगेत त्याने ठोका दिला, पत्रा थरथरला, थांबला. आणि मग त्याच्या डाव्या हाताखाली दोन ठोके पडले.

त्याने हात उचलला, पँटला पुसला, पुन्हा टेकवला. पुन्हा ठोका दिला.

दोन ठोके. एकामागोमाग एक, सावकाश.

ही खूण त्याला पाठ होती. तरुणपणी तो बॉयलरवर बाहेरून रिव्हेट ठोकायचा. आत एक जोडीदार बसलेला असे. तापून लाल झालेल्या रिव्हेटच्या डोक्याला तो आतून जड घण टेकवून धरी आणि तयार झाला की पत्र्यावर दोनदा ठोके. म्हणजे, 'मी धरलंय, तू मार.'

जेबेझने वर चढून बॉयलरच्या पाठीवरच्या घुमटाच्या भोकातून, जिथून माणूस आत उतरतो तिथून, दिवा आत सोडला. आत कुणी नव्हतं. तांबूस गंज आणि जुन्या पाण्याचा वास, एवढंच.

फोरमन क्लेगला त्याने बोलावून आणलं. क्लेग हिशोबनीस होता, मग फोरमन झाला, म्हणून त्याचे कान शाबूत होते. त्याने पत्र्याला कान लावला. जेबेझने ठोका दिला. बोटांखाली दोन ठोके आले. क्लेगच्या चेहऱ्यावरची रेघही हलली नाही.

"काही नाही," क्लेगचे ओठ म्हणाले.

"हात लाव. हाताने बघ."

क्लेगने हात लावला आणि लगेच काढला. "पलीकडे दाबयंत्र चालू आहे, त्याची थरथर असेल." मग तोंड जवळ आणून एकेक शब्द सुटा करून म्हणाला, "जेबेझ, सळया तुटल्यात का? नाही ना? मग सही कर बाबा. भुताखेताचा रकाना नाही त्या कागदावर."

जेबेझने सही केली नाही. जेवणाच्या सुट्टीत त्याने बॉयलरची नोंदवही काढली. बांधणी १८९९. बाहेरून एन्टविसल, आतून हॉवर्थ. अपघात, काही नाही. नंतर कुणी मेलं, भाजलं, अडकलं, तेही नाही.

हॉवर्थ म्हणजे एली. त्याचा जुना जोडीदार, आता सत्तरीचा, कालव्याकाठच्या गल्लीत राहणारा आणि जेबेझहूनही बहिरा. काम सुटल्यावर जेबेझ तडक त्याच्याकडे गेला. दोघे बहिरे समोरासमोर बसले आणि इतक्या मोठ्याने बोलू लागले की भिंतीपलीकडच्या बाईने पडदा सारून डोकावून पाहिलं.

"एक्केचाळीसचा बॉयलर आठवतो?" जेबेझने विचारलं.

"न आठवायला काय झालं? आयुष्यातलं सगळ्यात हलकं काम." एली हसला. त्याला पुढचे दात नव्हते, त्यामुळे ओठ वाचायला जड जात होतं. "तेव्हा तू मला मदतीला दुसरा माणूस दिला होतास ना! दिलदार होतास गड्या."

"मी? कुणाला?"

"नाव काय ठाऊक. आत अंधार, धूर. तो अग्निपेटीच्या बाजूला बसायचा, मी घुमटाखाली. निम्मे रिव्हेट त्यानेच धरले. बोलायचा नाही." एलीने चहाचा पेला खाली ठेवला. "का रे? तू नव्हता पाठवला?"

जेबेझला आठवत होतं. त्या बॉयलरमधून रोज एकच माणूस बाहेर येत असे. जेबेझ स्वतः घुमटाच्या भोकातून खाली हात देई आणि एलीला वर ओढून घेई. एकच हात. रोज.

"पाठवला होता," तो म्हणाला. म्हाताऱ्याच्या उरलेल्या झोपेचं खोबरं कशाला करायचं?

दुसऱ्या दिवशी तो स्वतः आत उतरला. वर क्लेग उभा होता, त्याच्या हातात दोराचं टोक, दुसरं टोक जेबेझच्या कमरेला. जेबेझ गुडघ्यांवर रांगत मागे, कोळसा जळतो त्या अग्निपेटीच्या बाजूला गेला, दिवा खाली ठेवला आणि पत्र्यावर हातोडी मारली.

आवाज झाला.

त्याला तो ऐकू आला.

अठरा वर्षांनी. टण्ण करून, कान फाटेल असा. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. त्याने खोकून पाहिलं, खोकला ऐकू आला. पत्र्यावर बुटाची टाच घासली, तीही. स्वतःचा श्वास ऐकू आला, म्हाताऱ्या भात्यासारखा. तो हसला, आणि ते हसूही त्याला ऐकू आलं.

मग त्याने श्वास रोखला.

श्वास चालूच राहिला.

डाव्या बाजूला. हातभर अंतरावर. शांत, दमलेला, कुणाची तरी वाट पाहणाऱ्या माणसाचा.

दिव्याच्या उजेडात तिथे पत्रा होता.

"कोण आहे?" जेबेझने विचारलं. त्याला स्वतःचा आवाज अनोळखी वाटला.

श्वास थांबला. काहीतरी त्याच्या दिशेने सरकलं.

त्याने दोर ओढला, ओढतच राहिला.

वर आला तेव्हा क्लेगचे ओठ हलत होते आणि आवाज नव्हता. हातोड्या पडत होत्या, आवाज नव्हता. जग पुन्हा कापसात गेलं होतं.

बॉयलरमध्ये पाणी दाबून भरलं, एक थेंब गळला नाही. वाफेची चाचणीही निर्दोष. जेबेझच्या हाती नाकारायला कारणच नव्हतं. हॅनाने विचारलं तेव्हा तो म्हणाला, "बाराशे घरं आहेत. मी काय लिहू?" एकोणतीस डिसेंबरला त्याने सही केली. नवे साहेब आले, इंजिन पाहून खूश झाले. कारखाना वाचला. विभागातल्या माणसांनी जेबेझची पाठ थोपटली, आणि प्रत्येक थापेला तो दचकला.

फेब्रुवारीत तीस मैलांवरच्या इंजिनशेडमधून चिठ्ठी आली; एक्केचाळीस नंबर आता तिथे असे. तिथे बॉयलर धुणारा नोआ पिकप म्हणून एक गप्पिष्ट माणूस होता. 'गेल्या महिन्यात एक मजा दिसली होती,' त्याने लिहिलं होतं, 'आता पुन्हा दिसतेय. येऊन बघावं.'

जेबेझ गेला. घुमटाचं झाकण काढलेलं होतं. त्या भागातलं पाणी जड, महिन्याभरात बॉयलरच्या आत सगळीकडे क्षारांचा पांढरा थर धरतो. तो धरलाही होता. फक्त नळ्यांच्या वरच्या रांगेवर एक जागा स्वच्छ होती, लोखंड चकचकीत. माणूस अंग मुडपून पडला तर मावेल एवढी.

"जानेवारीत ही जागा पार मागे होती, अग्निपेटीजवळ," नोआ त्याच्या तोंडासमोर येऊन म्हणाला. "आता बघा, थेट घुमटाखाली. पाण्याचा प्रवाह बदलला असेल, काय?"

"असेल," जेबेझ म्हणाला. गाडी पकडायची म्हणून तो घाईने निघून आला.

मार्चमध्ये तो न बोलावता गेला. नोआने नुकतंच झाकण काढलं होतं. जेबेझने दिवा आत सोडला, पुढे, मागे, बाजूंना. थर सगळीकडे सारखा होता. कुठेही जागा सुटलेली नव्हती.

"मागच्या वेळी मी गेल्यावर," त्याने विचारलं, "झाकण कधी बसवलंस?"

"दुसऱ्या दिवशी दुपारी. सांध्याची तांब्याची कडी यायची होती, तोवर उघडंच होतं." नोआ आत वाकला, मग जेबेझकडे वळून समाधानाने हसला. "बरं झालं की नाही, साहेब? गेलं एकदाचं."